मॉस्कोचा खलिता

तृतीय वर्षाला शीतयुद्ध शिकवताना फिनलंडच्या वाट्याला माझी जेमतेम दहा मिनिटं यायची. 'फिनलंडीकरण' म्हणजे बलाढ्य शेजाऱ्याला न दुखावता, त्याच्या कलाने घेत छोट्या देशाने स्वतंत्र राहणं, एवढं सांगायचं, टीप येते म्हणून अधोरेखित करायला लावायचं, की पुढचा धडा. यंदा मी फळ्यावर फक्त तारीख लिहिली : ३० ऑक्टोबर १९६१.

"तुम्ही फिनलंडचे राष्ट्राध्यक्ष उर्हो केक्कोनेन. अमेरिकेच्या दौऱ्यात हवाई बेटांवर आहात. मॉस्कोने खलिता धाडलाय : पश्चिम जर्मनीकडून धोका आहे, आपल्या दोन देशांतल्या १९४८ च्या करारानुसार लष्करी सल्लामसलत करू. काय कराल?"

"अमेरिकेतच आहोत, तर मदत मागू." कुणी सैन्य सीमेवर नेलं. मी म्हटलं, सोव्हिएत संघाशी असलेली ती सीमा सुमारे १,३०० किलोमीटरची आहे. युद्धात कारेलिया हा प्रदेश त्यांच्याकडे गेलाय, तिथली चार लाखांवर माणसं घरदार सोडून आलीत. मॉस्कोला ३० कोटी डॉलरची युद्धभरपाई १९५२ पर्यंत जहाजं, यंत्रं देऊन फेडलीय.

वर्ग गप्प झाला. मग एरवी हजेरीपुरता तोंड उघडणारा एक मुलगा उठला.

"मॅडम, मोठ्या बागायतदाराच्या बांधाला बांध असला आणि कोर्टात जायची ऐपत नसली, तर बोलणं तोडून भागत नाही. आमचे आजोबा त्याला चहाला बोलवायचे. पण बांध रोज बघून यायचे."

मी खडू खाली ठेवला. केक्कोनेन आणि त्यांच्या आधीचे राष्ट्राध्यक्ष पासिकिवी यांचं धोरण मला इतक्या वर्षांत असं सांगता आलं नव्हतं. १९६० मध्ये केक्कोनेन यांच्या साठीला सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह हेलसिंकीत आले, तेव्हा ताम्मिनिएमीच्या निवासस्थानी दोघं पहाटेपर्यंत सौनात, म्हणजे फिनिश बाष्पस्नानाच्या खोलीत, बसले होते. पुढच्याच मार्चमध्ये पश्चिमेकडच्या एफ्टा व्यापारसंघाशी फिनलंडचा करार झाला. आणि हा खलिता आल्यावरही केक्कोनेन यांनी दौरा अर्धवट टाकला नाही. नोव्हेंबरात नोवोसिबिर्स्कला जाऊन ते ख्रुश्चेव्हना भेटले आणि सल्लामसलत लांबणीवर टाकून घेतली.

"आणि घरातले?" खिडकीजवळच्या मुलीने विचारलं. "बागायतदार चहाला आला की त्यांनी गप्प बसायचं ना?"

तिला मी सगळं सांगितलं. राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत केक्कोनेनविरुद्ध उभे राहणारे ओलावी होन्का त्याच नोव्हेंबरात मागे हटले. वर्तमानपत्रं मॉस्कोबद्दल जपून लिहीत. १९७४ ची निवडणूक तर झालीच नाही. १९७३ मध्ये खास कायदा करून केक्कोनेन यांची मुदत चार वर्षांनी वाढवली. १९५६ ते १९८२, एकच माणूस.

"पण बांध राहिला," मुलगा म्हणाला.

"राहिला. पण घर कुणाचं झालं?"

मला दोघांचंही पटत होतं, आणि तसं मी सांगितलं. 'फिनलंडीकरण' हा शब्द पश्चिम जर्मनीच्या राजकारणात टोमण्यासारखा वापरला गेला. ती टीप आता मी तशी लिहून देणार नाही. तास संपला. जिना उतरेपर्यंत त्या दोघांचे आवाज वर्गातून येत होते.