निकालात राहून गेलेले 26 दिवस

रत्नागिरीतल्या एका बर्फाच्या कारखान्यात मी नऊ वर्षं कॉम्प्रेसर चालवला. एका सकाळी वॉचमनने गेटवरच अडवलं, "साहेबांनी आत सोडू नको म्हणून सांगितलंय." नोटीस नाही, भरपाई नाही. कामगार न्यायालयात जिंकलो, पण मालक रिट, म्हणजे त्या निवाड्याला आव्हान देणारा अर्ज, घेऊन उच्च न्यायालयात गेले आणि तिथे निवाडा रद्द झाला. कारण एकच. नोटीस आणि भरपाईचा हक्क मिळायला कामावरून काढण्याआधीच्या 12 महिन्यांत कामाचे 240 दिवस भरावे लागतात, माझे 221 च होतात.

त्या आकड्याने झोप उडाली. आमच्याकडे 1 जून ते 31 जुलै मासेमारी बंद. होड्या किनाऱ्यावर ओढलेल्या, बर्फाला गिऱ्हाईक नाही, मग कारखानाही बंद. उरलेल्या दहा महिन्यांतच 240 भरायचे, म्हणून मी तापातसुद्धा पाळी चुकवली नव्हती.

निकालाची नक्कल मिळाल्यावर हजेरीचा तक्ता घेऊन बसलो. तक्ता दोन पानांचा. दुसऱ्या पानावर एकच ओळ, जानेवारी, 26 दिवस. निकालातली बेरीज पहिल्या पानावरच थांबली होती. 221 आणि 26, 247. मी बायकोलाही तीनदा बेरीज करायला लावली.

वकील मॅडम म्हणाल्या, पुनर्विलोकन अर्ज करू, म्हणजे त्याच कोर्टाला आपला निकाल पुन्हा तपासायला सांगू. मुदत 30 दिवसांची, नक्कल मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात. अर्ज शक्यतो त्याच न्यायमूर्तींपुढे जातो.

मी रात्री जागून 11 पानं लिहून नेली होती. नऊ वर्षांत काय काय सोसलं, ते सगळं. मॅडमनी शेवटपर्यंत वाचली. "काका, यातला शब्द न् शब्द खरा आहे. पण हे अपील नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 47 मध्ये कारणं मोजकी आहेत. पूर्ण काळजी घेऊनही आधी हाती न लागलेला नवा पुरावा, कागदावर उघड दिसणारी चूक, किंवा त्याच तोडीचं दुसरं कारण. आपल्याकडे उघड चूक आहे. तिच्यावरच बोट ठेवायचं." अर्ज चार पानांचा झाला. गाळलेल्या पानांसाठी जीव तुटला, पण मॅडमचं बरोबर होतं. चूक दाखवायला दहा मिनिटं युक्तिवाद करावा लागला, तर ती उघड चूक उरतच नाही.

पहिल्या तारखेला आमचा नंबरच लागला नाही. रात्रीच्या गाडीने गेलो तसा परत आलो. दुसऱ्या तारखेला समोरचे वकील म्हणाले, पुनर्विलोकनाच्या नावाखाली हे अपीलच आहे. मॅडमनी फक्त तक्त्याचा पान क्रमांक सांगितला. न्यायमूर्तींनी पान उलटलं, पेन्सिल घेतली. कोर्टात कुणीच बोलत नव्हतं. मग त्यांनी समोरच्या वकिलांना विचारलं, "जानेवारीची हजेरी तुम्हाला मान्य आहे ना?" मान्यच होती. तक्ता त्यांच्याच मस्टरवरून केलेला होता.

आदेश तिथेच झाला. आधीचा निकाल मागे घेतला, रिट पुन्हा ऐकायचं. म्हणजे मी जिंकलो असं नाही, मालकांचे बाकीचे मुद्दे अजून आहेत. पण रिट पुन्हा उभं राहिलं, म्हणून तेव्हा लागू असलेल्या (नोव्हेंबर 2025 पर्यंत) 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम 17-ब खाली, सुनावणी संपेपर्यंत शेवटच्या पगाराइतकी रक्कम मागता येत होती. दुसरीकडे कुठे नोकरी नाही, असं प्रतिज्ञापत्र त्यासाठी लागायचं. ते मी त्याच दुपारी, परतीच्या गाडीआधी, सही करून दिलं.