रॉकनीच्या खांबाला जाताय? टर्नपाइक टाळा

आधी निकाल सांगतो. अमेरिकन फुटबॉलचा कोच नूट रॉकनी याचं विमान जिथे पडलं ती जागा आणि तिथला स्मृतीचा खांब बघायचा असेल, तर कॅन्सस टर्नपाइक या टोलच्या हायवेच्या वाटेला जाऊ नका. "हायवेलाच आहे, गाडी थांबवायची आणि फोटो काढायचा," असं मला सांगणारा स्वतः तिथे कधी गेलाच नव्हता, हे मागाहून कळलं.

हायवेवर जे आहे ते मॅटफील्ड ग्रीनच्या सर्व्हिस एरियातलं रॉकनी स्मारक. पेट्रोल, बर्गर, बाथरूम आणि रॉकनी. खरा खांब तिथून कित्येक मैल लांब, खासगी रँचच्या कुरणात. वाटेत बझारजवळ एक एक्झिट दिसते, पण ती गुरांच्या ट्रकसाठी, माणसांसाठी नाही. म्हणजे कॅसोडेपर्यंत पुढे जा, तिथे उतरा आणि १७७ नंबरच्या रस्त्याने तेवढंच अंतर उलटं उत्तरेला या.

वर टोल. रोख कोणी घेत नाही, नंबरप्लेटचा फोटो निघतो आणि बिल गाडीच्या मालकाकडे जातं. मालक म्हणजे रेंटल कंपनी. टोल किरकोळ होता. त्यावर कंपनीने 'सेवा आकार' लावला तो टोलच्या चौपट. कसली सेवा? पाकीट फोडल्याची? एम्पोरियाला टर्नपाइकवर न चढता ५० नंबरच्या रस्त्याने स्ट्राँग सिटी आणि तिथून दक्षिणेला कॉटनवुड फॉल्स, बझार असं गेलं, तर एक पैसाही टोल लागत नाही. हे कोणी आधी सांगायला काय झालं होतं?

त्याआधीचे साऊथ बेंडचे, म्हणजे रॉकनीच्या नोत्र दाम विद्यापीठाच्या गावातले, दोन दिवस छान गेले. सीडर ग्रोव्ह दफनभूमीतली कबर (२०२४ साली हायलँडमधून इथे हलवलेली) सहज सापडते, १९३० सालचं स्टेडियम भव्य आहे. तिथे कोणाच्याही मदतीशिवाय फिरता येतं, सोडा.

बझार नावालाच बाजार. मला एक दुकान दिसलं नाही. पाणी, खाणं कॉटनवुड फॉल्सलाच घ्या. डांबरी सोडलं की खडीचा रस्ता, आणि ती खडी साधी नाही. या टेकड्यांचं नावच फ्लिंट हिल्स. चकमकीचे कपचे, धार ब्लेडसारखी. माझं मागचं डावं चाक तिथेच बसलं. स्पेअर म्हणून डिकीत निघालं ते बारीक टेंपररी चाक. मोबाईलला रेंज नाही, वारा असा की जॅकखाली ठेवलेला पुठ्ठा उडून गेला. त्यातून मी गेलो एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात, म्हणजे रँचवाले कुरणं जाळतात तेव्हा. धुराने डोळे चुरचुरत होते. एवढं करून पोचलो तर फाटकाला कुलूप. त्यावरून उडी मारायचा मोह झाला. मारू नका, जमीन खासगी आहे आणि आत गुरं असतात.

मुकाट्याने कॉटनवुड फॉल्सला परतलो, चौकशी केली, आणि दुसऱ्या दिवशी रँचवरच्या एका आजोबांनी फाटक उघडून बरोबर नेलं. हे आदल्या आठवड्यात फोनवर ठरवता आलं असतं.

आणि मग तो खांब. काळ्या जळक्या कुरणात तारेच्या कुंपणात उभा, त्यावर आठ नावं. ३१ मार्च १९३१ ला कॅन्सस सिटीहून निघालेलं फोकर विमान इथे पडलं. पंख लाकडी, आत ओल जाऊन जोडणीचा सरस सुटला होता, आणि एक पंख हवेतच तुटला. रॉकनी ४३ वर्षांचा होता. नॉर्वेतल्या व्हॉस गावातून पाचव्या वर्षी शिकागोला आलेला पोरगा, पोस्टात नोकरी करून पैसे साठवले आणि बाविसाव्या वर्षी नोत्र दामला कॉलेजात गेला. पुढे तिथेच केमिस्ट्री शिकवली आणि १९१८ पासून फुटबॉल संघाचा मुख्य कोच. १०५ सामने जिंकले, फक्त १२ हरले, ५ बरोबरीत. फॉरवर्ड पास, म्हणजे चेंडू हाताने पुढे फेकणं, त्याने शोधला असं कोणी सांगितलं तर खुशाल खोडून काढा: तो १९०६ पासून नियमात होता. रॉकनी आणि त्याचा संघातला जोडीदार गस डोराइस यांनी १९१३ च्या उन्हाळ्यात सीडर पॉइंटच्या वाळूत त्याचा सराव केला आणि त्याच मोसमात आर्मीच्या संघाला ३५-१३ ने लोळवलं, एवढंच. एवढंच म्हणजे पुष्कळ झालं म्हणा.

आजोबांकडून ईस्टर हीथमनची गोष्ट ऐकली. अपघाताच्या वेळी तेरा वर्षांचा, जवळच राहणारा. तो तेव्हा इथे धावत आला होता आणि पुढे २००८ साली वारेपर्यंत येईल त्याला हा खांब दाखवत राहिला. आम्ही दोघं तिथे बराच वेळ नुसते उभे होतो. वाऱ्यात बोललेलं ऐकूच येत नव्हतं. आदल्या दिवशीचा सगळा वैताग तिथे विसरलो, सेवा आकार सोडून.

तेव्हा परवानगी आधी काढा, गाडी उंच आणि पूर्ण आकाराचं स्पेअर असलेली घ्या. बूट जुने घाला. माझ्या मोज्यांची काजळी तीन धुण्यांनंतरही गेलेली नाही.