२५ आठवड्यांचं बाळ, २७ आठवड्यांची अट

ते बाळ कधीच घरी गेलं, पण त्याच्या आईच्या पंपाची गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही, म्हणून लिहितेय. ओळख पटू नये एवढ्यासाठी काही तपशील बदलले आहेत. नियम आणि घडलेला क्रम मात्र आहे तसाच आहे.

मी टेक्सासमधल्या सॅन अँटोनिओत एका रुग्णालयात स्तनपान सल्लागार आहे. फोर्ट सॅम ह्यूस्टन, लॅकलँड, रँडॉल्फ हे सैन्यदलांचे तळ याच शहरात आणि लगत असल्याने आमच्याकडे फौजी घरातल्या बाळंतिणी पुष्कळ येतात. कुणाचा नवरा नोकरीत असतो, कुणाचा निवृत्त, कुणाचा जखमी होऊन घरी बसलेला. बाळाला छातीशी कसं धरायचं ते शिकवणं एवढंच माझं काम असावं, असं लोकांना वाटतं. पण नवजात अतिदक्षता विभागात, म्हणजे एनआयसीयूत, बाळ कित्येक आठवडे छातीशी येतच नाही. तिथे माझं काम पंपाभोवती फिरतं: पंप कुठला, फ्लँज (म्हणजे पंपाची स्तनावर बसणारी नरसाळ्यासारखी वाटी) किती मिलिमीटरचा, दिवसातून किती वेळा लावायचा, आणि आई घरी जाताना तिच्यासोबत पंप जाणार की नाही. या शेवटच्या प्रश्नापायी माझे तासन् तास फोनवर जातात.

या बाईचं बाळ २५ आठवड्यांचं होतं, वजन पाऊण किलोच्या आसपास. नवरा तिशीतला, वैद्यकीय कारणाने सैन्यातून निवृत्त केलेला. आमच्या नोंदणी काउंटरवर त्याने ‘मी व्हेटरन आहे’, म्हणजे माजी सैनिक, असं सांगितलं आणि समोरच्या माणसाने विम्याच्या रकान्यात ‘व्हीए’, म्हणजे व्हेटरन खातं, असं लिहून टाकलं. खरी गुंतागुंत इथूनच सुरू झाली.

व्हेटरनच्या कुटुंबासाठी आरोग्य विम्याच्या वाटा दोन आहेत, आणि बाहेरच्यांना सोडा, रुग्णालयात काम करणाऱ्यांनाही त्यांतला फरक ठाऊक नसतो. चँपव्हीए ही व्हेटरन खात्याची योजना. सेवेमुळे कायमचं आणि पूर्ण अपंगत्व आलेल्यांच्या, किंवा त्यापायी गेलेल्यांच्या बायकामुलांसाठी ती आहे. पण ते कुटुंब ट्रायकेअरला पात्र नसेल तरच. ट्रायकेअर संरक्षण खात्याची. किमान ३० टक्के अपंगत्व ठरवून ज्याला सैन्याने वैद्यकीय निवृत्ती दिली, त्याचं कुटुंब ट्रायकेअरमध्येच राहतं. म्हणजे ही बाई ट्रायकेअरची होती, आणि तिचे कागद फिरत होते भलत्याच खात्याकडे. नवऱ्याने पाठीवरच्या पिशवीतून फाइल काढली. डीडी २१४ हा सैन्यसेवा संपल्याचा दाखला, निवृत्तीचा आदेश, ओळखपत्रांच्या प्रती, सगळं खणांत नीट लावलेलं. फौजी घरांची ही सवय मला फार आवडते. इतर आईवडिलांकडे आम्ही साधं विमा कार्ड मागितलं तरी फोनमधल्या फोटोंत शोधाशोध सुरू होते.

ट्रायकेअरचा नियम मला पाठ आहे, आणि तो चांगला आहे हेही सांगते. २०१२च्या ऑगस्टपासून इथल्या खासगी विम्यांना आरोग्य सुधारणा कायद्याखाली दुधाचा पंप देणं भाग पडलं, पण तो कायदा ट्रायकेअरला लागू नव्हता. फौजी बायका त्यातून बाहेर राहिल्या. १९ डिसेंबर २०१४ पासून वेगळ्या कायद्याने त्यांनाही हा हक्क मिळाला. प्रत्येक बाळंतपणाला एक हातपंप किंवा साधा विजेचा पंप, एक पैसा न भरता; बाळ दत्तक घेऊन अंगावर पाजणाऱ्या आईलासुद्धा. बाटल्या, नळ्या, साठवणीच्या पिशव्या तीन वर्षांपर्यंत. सल्लागाराच्या सहा भेटी. चिठ्ठी डॉक्टर, फिजिशियन असिस्टंट, नर्स प्रॅक्टिशनर किंवा नर्स मिडवाइफ यांपैकी कुणीही लिहिली तरी चालते, फक्त पंप कुठल्या प्रकारचा हे स्पष्ट हवं. भाड्याने मिळणाऱ्या जड, हॉस्पिटल ग्रेड पंपाला मात्र आधी मंजुरी लागते. आणि पंप कधीपासून मिळणार? गरोदरपणाच्या २७व्या आठवड्यापासून, किंवा बाळ त्याआधी जन्मलं तर जन्मापासून.

शेवटचा अर्धा भाग नीट वाचा, कारण पुढचं सगळं त्यावरच अडलं.

त्याआधी पंपाची एवढी घाई का, तेही सांगायला हवं. वार बाहेर पडली की आईच्या रक्तातलं प्रोजेस्टेरॉन झपाट्याने उतरतं आणि दोन ते पाच दिवसांत दूध उतरू लागतं. बाळ ओढत असेल तर शरीराला कळतं किती दूध हवंय. बाळ काचेच्या पेटीत असेल तर ते पंपाने सांगावं लागतं, २४ तासांत ८ ते १० वेळा, रात्रीसुद्धा. विहीर उपसत राहिली की झरे मोकळे राहतात, तसंच हे. पहिल्या दोन आठवड्यांत दिवसाला साधारण अर्धा लिटरपर्यंत पोचलं तर पुढे महिनोन् महिने पुरतं. तेव्हा मागे पडलं तर नंतर कितीही धडपड केली तरी भरून निघणं कठीण. एवढ्या लहान बाळांना आतड्याचा नेक नावाचा भयानक आजार होऊ शकतो, आतडं अक्षरशः मरत जातं. आईच्या दुधाने हा धोका कमी होतो. आमच्याकडे दूधपेढीचं, म्हणजे इतर आयांनी दान केलेलं दूध असतं आणि त्याचा मोठा आधार आहे, पण ते पाश्चराइझ केलेलं. त्यातली संरक्षक द्रव्यं काही प्रमाणात कमी झालेली असतात. स्वतःच्या आईचा चीक तो चीक.

म्हणून मी चिठ्ठ्यांच्या बाबतीत हट्टी आहे. निवासी डॉक्टर ‘ब्रेस्ट पंप, एक’ असं लिहून मोकळे होतात. त्यात त्यांची चूक नाही, त्यांना कुणी शिकवलेलंच नसतं. मी मजकूर तयार करून देते: हॉस्पिटल ग्रेड विजेचा पंप, भाड्याने, कोड ई ०६०४, आईचं निदान झेड ३९.१; बाळाचा जन्म २५ आठवड्यांवर, जन्मतारीख अमुक; बाळ एनआयसीयूत, आईपासून वेगळं, मुक्काम काही महिन्यांचा अपेक्षित. ‘अकाली प्रसूती’ एवढंच लिहून भागत नाही, जन्मतारीख हवीच हवी. साधा पंप ई ०६०३, हातपंप ई ०६०२. एक आकडा चुकला तर आईला भलताच डबा मिळतो. फ्लँजही तसाच. डब्यात बहुधा २४ मिलिमीटरचा येतो, या बाईचं माप १८च्या जवळ होतं. मोठ्या फ्लँजने स्तनाग्राभोवतीची कातडी आत ओढली जाते, दुखतं, आणि बाई पंपच टाळू लागते. मग सगळे म्हणतात, तिला दूधच कमी. आणि ते ब्राच्या आत बसणारे, बिनआवाजाचे पंप! जाहिराती बघून या आया तेच मागतात. पूर्ण दिवसांच्या बाळाच्या आईने दूध एकदा जमल्यावर खुशाल वापरावेत, पण २५ आठवड्यांच्या बाळाच्या आईला पहिल्याच आठवड्यात तो पंप विकणाऱ्यांचा मला मनापासून राग येतो.

सिझेरियननंतर चौथ्या दिवशी आईला घरी सोडणार होते. तो शुक्रवार होता. रुग्णालयात तिच्या खोलीत पंप होता, घरी काहीच नव्हतं. मंजुरीचा अर्ज योग्य खात्याकडे वळवून आम्ही पुरवठादाराला फोन लावला.

पलीकडची मुलगी सौम्य आवाजात म्हणाली, “ही ऑर्डर आत्ता जाऊ शकत नाही. पेशंटचे २७ आठवडे पूर्ण झालेले नाहीत.”

“बाळ जन्मलंय,” मी म्हणाले.

“हो मॅम, पण ड्यू डेट काय आहे?”

मी पुन्हा सांगितलं. चिठ्ठीवर जन्मतारीख आहे, नियमात ‘किंवा जन्मापासून’ असं लिहिलंय, ते वाचूनही दाखवलं. ती म्हणाली, तिच्या पडद्यावर एकच रकाना आहे, अपेक्षित तारखेचा. ती भरली की पंप कधी पाठवायचा ते यंत्र ठरवतं, आणि जन्मतारखेला तिथे जागाच नाही. मग साधा पंप तरी पाठवा, म्हटलं. त्यालाही तेच उत्तर. वरच्या अधिकाऱ्याशी बोलायचं तर सोमवारी.

त्या मुलीवर मला राग नव्हता, आजही नाही. ज्याने तो फॉर्म बनवला त्याच्या मनात फक्त मोठं पोट घेऊन घरी बसून पंपाची वाट बघणारी बाई होती. आणि मला सगळ्यात लागलं ते वेगळंच. २०१४च्या आधी ट्रायकेअर पंप द्यायचं ते फक्त अकाली जन्मलेल्या बाळांच्या आयांना, तोही हॉस्पिटल ग्रेड. म्हणजे ज्या आईचा हक्क सगळ्यांत जुना, तीच त्या फॉर्ममध्ये बसत नव्हती.

नवरा शेजारी उभा होता. त्याने माझ्या हातून फोन घेतला, आवाज न चढवता मुलीचं नाव आणि वेळ वहीत टिपली, मग ट्रायकेअरचा इथला कारभार बघणाऱ्या विभागीय ठेकेदार कंपनीच्या क्रमांकावर फोन लावला. तिथल्या नर्सने दोन मिनिटांत मान्य केलं की आम्ही म्हणतोय तो नियम बरोबर आहे, मंजुरीवर ‘तातडीचं’ असा शेराही मारला. पण पंपाचा डबा तिच्याकडे नव्हता. बाजारातून स्वतः साधा पंप घेऊन, पावती आणि चिठ्ठी जोडून डीडी २६४२ फॉर्मवर पैसे परत मागता येतात, तो रस्ताही मी सांगितला. त्याने विचारलं, “मॅम, साध्या पंपाने तिचं भागेल?” एवढ्या लहान बाळाच्या आईला पहिल्या दोन आठवड्यांत त्यावर सोडणं मला नको होतं, आणि मी ते तसंच सांगितलं.

आमच्या कपाटात उसना द्यायचा हॉस्पिटल ग्रेड पंप त्या दिवशी एकच उरला होता. आणि त्याच दुपारी घरी जाणारी दुसरी एक आई होती: ३४ आठवड्यांची जुळी, राहणार शहरापासून दीड तासावर, मेडिकेडवर (कमी उत्पन्न असणाऱ्यांसाठीचा सरकारी विमा), गाडी दिराच्या मालकीची. तिचे कागद अजून सुरूच व्हायचे होते. खरं तर तो पंप तिच्यासारखीसाठीच ठेवलेला असतो, जिला तूर्तास दुसरा कुठलाच मार्ग नाही. माझी सहकारी तेच म्हणाली, आणि स्पष्ट म्हणाली: “ट्रायकेअरवालीचा हक्क आहे, ती भांडून मिळवेल. शिवाय ती शहरातच राहते, इथे येऊन पंप करू शकते.”

पण पोट फाडून चार दिवस झालेली बाई रात्री दोनला आणि पहाटे पाचला गाडीने इथे येणार नव्हती. आणि नेकचा धोका २५ आठवड्यांच्या बाळाला कितीतरी जास्त. मी पंप तिला दिला.

जुळ्यांच्या आईला हातपंप दिला आणि तिच्याजवळ बसून हाताने दूध काढायला शिकवलं. हे मी मुंबईत शिकले, सायनच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात, जिथे डॉ. अर्मिडा फर्नांडिस यांनी १९८९मध्ये आशियातली पहिली मानवी दूधपेढी सुरू केली. तर्जनी आणि अंगठा स्तनाग्रापासून जरा मागे, आधी छातीकडे दाब, मग दोन्ही बोटं एकमेकांकडे, कातडीवरून न घसरता. पहिल्या दिवसांतला घट्ट चीक हाताने यंत्राहूनही चांगला निघतो. ती भराभर शिकली, चमचाभर चीक सिरिंजमध्ये भरून तिनेच नर्सच्या हाती दिला. पण ८-१० वेळा, दोन बाळांसाठी, नुसत्या हातांवर? दोन दिवस कसेबसे जातात. त्यानंतर मनगटं बोलू लागतात.

सोमवारी पुरवठादाराच्या अधिकाऱ्याने फॉर्म बाजूला ठेवून हाताने ऑर्डर घातली, मंगळवारी पंप घरी पोचला, नवऱ्याने उसना पंप पुसून, नळ्या गुंडाळून परत आणला. तोच मी जुळ्यांच्या आईला दिला. तेव्हा तिचं दूध उतरलं होतं, पण थोडं. पुढे वाढलं, तरी दोघांना पुरेल इतकं कधीच झालं नाही. पोरं अर्धी फॉर्म्युलावर घरी गेली. मधल्या त्या दिवसांमुळे तसं झालं का, हे कुणी छातीठोकपणे सांगू शकणार नाही. जुळ्यांच्या आयांना पहिल्या दिवसापासून पंप मिळूनही कमी पडतं. सहकारीने तो विषय पुन्हा काढलेला नाही.

तीच परिस्थिती आली तर मी पुन्हा तेच करेन. मला झोंबतं ते हे, की निवड करायची वेळच यायला नको होती. ज्या आईचा पंप कायद्याने ठरलेला होता तिला नकार मिळाला, आणि त्याची किंमत दिली जिच्याकडे काहीच नव्हतं अशा बाईने. कुठल्याही कागदावर या दोघी एकमेकींच्या शेजारी दिसणार नाहीत. विम्याच्या नोंदीत पहिलीचा दावा मंजूर आहे, विलंब चार दिवसांचा, आणि दुसरीचा त्यात उल्लेखच नाही.

पुरवठादाराला मी पत्र लिहिलं, नियमाची प्रत जोडली, रकान्यात ‘किंवा प्रत्यक्ष जन्मतारीख’ एवढंच वाढवा म्हणून सांगितलं. विचार सुरू आहे असं उत्तर आलं. काउंटरवर आता ‘व्हेटरन’ म्हटलं की ‘निवृत्ती की नुसती सुटका, आणि ओळखपत्र कुठल्या खात्याचं?’ असं विचारायला शिकवलंय. काही जण विचारतात, काही विसरतात. २७ आठवड्यांच्या आत जन्मलेल्या बाळाच्या आईची ऑर्डर मी आता पडद्यावर भरू देत नाही, फोनवर अधिकाऱ्याकडून हाताने घालून घेते, आणि ती घरी जायच्या आदल्या दिवशीच. आणखी दोन उसने पंप मिळावेत म्हणून रुग्णालयाच्या निधीकडे अर्ज केलाय. पुढच्या तिमाहीत त्यावर बैठक आहे.