चोकवरचा शिक्का आणि कागदावरची भोकं

ट्रॅप किंवा स्कीट, म्हणजे उडत्या थाळ्या छऱ्यांनी फोडायचे खेळ, शिकायला लागलेली नाशिकची मंडळी बारा बोअरच्या छऱ्याच्या बंदुकीसाठी कुठला चोक (नळीच्या तोंडाशी बसवायची आवळ नळी) घ्यावा हे विचारतात, तेव्हा सोबत बऱ्याचदा अमेरिकेतल्या टर्की शिकारीचा एखादा व्हिडिओ दाखवतात. व्हिडिओतली माहिती खोटी नसते, पण ती वेगळ्या कामाची असते. तिथला शिकारी उभ्या असलेल्या टर्कीच्या डोक्यावर आणि मानेवर ३५-४० यार्डांवरून एकच बार टाकतो. त्याला १० इंचांच्या वर्तुळात मिळतील तेवढे छर्रे हवे असतात. म्हणून तो नळीचं तोंड पार १६.८ मिमीपर्यंत आवळणारा चोक लावतो आणि आपल्या २४ ग्रॅम छऱ्यांच्या दुप्पट वजनाचे छर्रे असलेलं काडतूस वापरतो. आपल्याकडे जंगली टर्की नाही आणि १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानंतर शिकारही नाही. नांदूर मध्यमेश्वरचे पाणपक्षी दुर्बिणीतून बघायचे. बंदुकीपुढे फक्त क्ले: ११० मिमी व्यासाची, साधारण २६ मिमी उंचीची, १०५ ग्रॅमची उडती थाळी. तिच्यासाठी टर्कीचा चोक घेणं म्हणजे पैसे घालवून गुण कमी करून घेणं आहे.

चोक म्हणजे नळीच्या शेवटच्या काही सेंटिमीटरमधला आवळपणा. बारा बोअरच्या नळीचा आतला व्यास ढोबळमानाने १८.५ मिमी. तोंडाशी तो किती कमी होतो त्यावरून नावं पडली आहेत. आवळच नसेल तर सिलिंडर, ०.१३ मिमी असेल तर स्कीट, पाव मिमी म्हणजे इंप्रूव्हड सिलिंडर, अर्धा मिमी मॉडिफाइड, पाऊण मिमी इंप्रूव्हड मॉडिफाइड आणि १ मिमी म्हणजे फुल. रेंजवर यांतल्या शेवटच्या चारांना पाव, हाफ, थ्री-क्वार्टर आणि फुल म्हणतात. बेरेटाच्या चोकवर एक तारा म्हणजे फुल, दोन म्हणजे थ्री-क्वार्टर, तीन म्हणजे हाफ, चार म्हणजे पाव; काठावरच्या खाचाही त्याच हिशेबाने. तारे वाढले की चोक सैल होतो. नवे लोक नेमके इथे उलटं धरतात.

पण तारा बघून थांबू नका. आवळपणा हा नळीचा व्यास आणि चोकचा व्यास यांतला फरक आहे, आणि नळ्या सगळ्या सारख्या नसतात. काही १८.४ मिमीच्या निघतात, मुद्दाम रुंद केलेल्या १८.८ पर्यंत जातात. चोकचं तोंड १७.७ मिमी असेल तर १८.४ च्या नळीत ते थ्री-क्वार्टरला थोडं कमी पडतं. तेच तोंड १८.७ च्या नळीपुढे असेल तर पक्कं फुल. म्हणून डायल बोअर गेजने (आतला व्यास मोजायच्या उपकरणाने) दोन्ही मापं घ्या. नळीचं माप तोंडापासून २०-२५ सेंमी आत, चोकचा निमुळता भाग संपल्यावर घ्यायचं. सातपूर-अंबडला टूलरूमवाले ओळखीचे असतील तर गेज घरी मागवा, बंदूक तिकडे ठेवून येऊ नका. परवाना तुमच्या नावाचा आहे. गेज लावण्याआधी बंदूक मोडून, म्हणजे नळ्या बिजागरीवर खाली उघडून, दोन्ही चेंबर (काडतूस बसतं त्या जागा) रिकामे आहेत हे डोळ्यांनी आणि बोटानेही तपासा.

मापानेही अर्धंच कळतं. पुस्तकी आकडे असे: ४० यार्डांवर, म्हणजे ३६.६ मीटरवर, ७६ सेंमीच्या वर्तुळात सिलिंडर ४० टक्के छर्रे टाकतो, पाव ५०, हाफ ६०, थ्री-क्वार्टर ६५ आणि फुल ७०. प्रत्यक्षात एकाच चोकमधून दोन कंपन्यांची काडतुसं वेगळी वागतात. छऱ्यात अँटिमनी कमी असेल तर शिसं मऊ राहतं. आवळ चोकमधून जाताना असे छर्रे चेपतात, आणि चेपलेला छर्रा सरळ जात नाही. काडतुसातल्या प्लॅस्टिकच्या वाटीतले छर्रे एकत्र राहतात, साध्या फेल्टच्या गादीवरचे लवकर पसरतात. त्यामुळे फुल चोकचा पॅटर्न थ्री-क्वार्टरपेक्षा विरळ निघणं हे अगदी शक्य आहे. हे कागदावर बार टाकल्याशिवाय कळत नाही.

कागदाची चाचणी परवानगी असलेल्या रेंजवरच करायची. मळा स्वतःचा असला तरी तिथे नाही. परवाना खेळासाठी आहे, आणि २.४ मिमीचे छर्रेसुद्धा दोनशे मीटरच्या आसपास पोहोचतात. द्राक्षाच्या बागेत पलीकडच्या ओळीत कोण वाकून काम करतंय हे दिसत नाही. डोळ्यांना चष्मा, कानांना मफ, कागदामागे मातीचा बांध, आणि कागद बदलायला पुढे जाताना बंदूक मोडून रॅकवर.

पॅकिंगचा खाकी कागद १२० सेंमी रुंदीच्या गुंडाळीत मिळतो. त्याचे चौकोनी तुकडे करून लाकडी चौकटीवर स्टेपल करा. मध्ये रुपयाएवढा काळा ठिपका. अंतर नळीच्या तोंडापासून टेपने मोजायचं, पावलांनी नाही. टक्के पुस्तकाशी ताडायचे असतील तर ३६.६ मीटर. नुसतं कामापुरतं बघायचं असेल तर ट्रॅपला ३५ मीटर आणि स्कीटला २० मीटर, कारण ट्रॅपची क्ले पहिल्या बाराला साधारण तेवढ्या अंतरावर फुटते आणि स्कीटच्या दोन क्लेंचे मार्ग जिथे छेदतात ती जागा शूटरपासून विसेक मीटरवर असते.

आधी बंदूक कुठे मारते ते बघा. सर्वांत आवळ चोक लावून, टेकू घेऊन, १५-२० मीटरवरून एकाच कागदावर चार-पाच बार. पॅटर्नचा मध्य ठिपक्याच्या डावी-उजवीकडे सरकत असेल तर चोक नीट बसलेला नाही, वाकडा कापलेला आहे, किंवा दस्ता तुमच्या गालाला जुळत नाही. ट्रॅपच्या बंदुकीचा मध्य ठिपक्याच्या थोडा वर पडतो ती खोट नाही. क्ले वर चढत असते म्हणून बंदूक तशीच बनवलेली असते. दोन नळ्या एकाच जागी मारतात का हेही इथेच तपासा. मारत नसतील तर चोक बदलून उपयोग नाही, तो कारागिराचा विषय आहे.

मग प्रत्येक जोडीला, म्हणजे एक नळी, एक चोक, एका बनावटीचं काडतूस, कमीत कमी पाच कागद. प्रत्येक कागदावर एकच बार. एका कागदावरून निष्कर्ष काढणाऱ्यांचं प्रमाण फार आहे. लागोपाठच्या दोन कागदांत दहा टक्क्यांचा फरक सहज पडतो, त्यात चोकचा दोष नसतो. कागद उतरवण्याआधी कोपऱ्यात चोक, काडतूस, ग्रॅम, छऱ्याचं माप आणि अंतर लिहा. नंतर सगळे कागद सारखेच दिसतात.

मोजणी घरी करा. वर्तुळ आधी काढून त्यावर बार टाकायचा नसतो. बार पडल्यावर छऱ्यांची सर्वांत दाट जागा नजरेने ठरवायची, तिथे खिळा ठोकून ३८ सेंमी सुतळीने वर्तुळ मारायचं. आत ५० सेंमी व्यासाचं दुसरं. स्केचपेनने प्रत्येक भोकावर फुली मारत मोजा, नाहीतर शंभराच्या पुढे गोंधळ होतो. २४ ग्रॅमच्या काडतुसात २.४ मिमीचे सुमारे ३०० छर्रे असतात, २ मिमीचे सुमारे ५१५.

टक्क्यांपेक्षा मला पुढची पायरी जास्त महत्त्वाची वाटते, आणि ती कोणी करत नाही. पुठ्ठ्याची ११ सेंमी व्यासाची चकती कापा आणि ११ सेंमी लांब, २.६ सेंमी रुंद एक पट्टी. चकती म्हणजे पूर्ण दिसणारी क्ले, पट्टी म्हणजे कडेने दिसणारी. दोन्ही कागदावर फिरवत जा. हिशेब असा: ३०० पैकी ६५ टक्के, म्हणजे १९५ छर्रे ७६ सेंमीच्या वर्तुळात पडले, तर चकतीखाली सरासरी चार येतात आणि पट्टीखाली जेमतेम एक. ट्रॅपची क्ले शूटरपासून दूर पळत असते आणि बहुतांशी कडेनेच दिसते. सरासरी एक म्हणजे कित्येक जागी एकही नाही. बरोबर मारूनही क्ले शाबूत जाते ती याच रिकाम्या जागांतून. मध्यावरच्या ५० सेंमीच्या वर्तुळात पट्टी ठेवली तर बहुतेक जागी तिच्याखाली निदान एक-दोन भोकं सापडली पाहिजेत. मध्य विरळ आणि कड दाट असा पॅटर्न दिसला तर चोक त्या काडतुसाला जास्त आवळ आहे. एक पायरी सैल करा, पुन्हा पाच कागद.

स्कीटचं गणित उलटं. २० यार्डांवर फुल चोकचा फैलाव जेमतेम ४० सेंमी असतो, पावचा ६५ सेंमीच्या आसपास, सिलिंडरचा ८० सेंमी. क्ले जवळून आडवी जाते, छर्रे पाचशेच्या वर असतात, म्हणून दोन्ही नळ्यांना स्कीट चोक लावा आणि विषय संपवा. ट्रॅपला पहिल्या नळीत थ्री-क्वार्टर आणि दुसऱ्या नळीत फुल ही माझी शिफारस. दुसरा बार ४० मीटरच्या पुढे पडतो, तिथे सैल चोक पुरत नाही. अगदी नव्या शूटरने पहिले काही महिने हाफ आणि थ्री-क्वार्टर वापरले तर चालेल, पण बार टाकायला वेळ लागत असेल तर लवकर आवळ चोककडे वळावं.

चोक बिघडतात ते बहुधा देखभालीमुळे. नळीत आटे असलेली बंदूक चोक न लावता कधीही उडवायची नाही, आटे कायमचे जातात. चोक सैल झाला तर त्याच्या मागच्या काठाखाली गॅस आणि छर्रे घुसतात आणि नळी फुगते. बाहेरून ती फुगवटी बोटाला कड्यासारखी लागते. म्हणून २५ बारांची प्रत्येक फेरी संपली की बंदूक रिकामी करून चावीने चोक तपासायचा. घट्ट म्हणजे चावीला हाताने लागेल तेवढाच, पानापक्कड लावून नव्हे. बेरेटाचा मोबिलचोक आणि ऑप्टिमाचोक, ब्राउनिंगचा इन्व्हेक्टर आणि इन्व्हेक्टर प्लस ही वेगवेगळी कुळं आहेत. आटे दोन फेऱ्या फिरले म्हणून चोक बसला असं समजू नका. वडिलोपार्जित देशी दुनळी असेल तर चोक नळीतच घडवलेला असतो. तिथे आधी चेंबर मोजा. ६५ मिमीच्या चेंबरमध्ये ७० मिमीचं काडतूस आत जातं, पण बार झाल्यावर त्याच्या तोंडाला उघडायला जागा उरत नाही आणि दाब धोकादायक वाढतो.

आपल्या पावसाळ्यात चोक अडकतो. इगतपुरी-त्र्यंबककडच्या हवेत तर तेल न लावलेल्या आट्यांवर दोन आठवड्यांत तांबूस गंज दिसतो. चोक काढल्यावर आत पाहिलंत तर निमुळत्या भागात वाटीच्या प्लॅस्टिकचा करडा, चमकदार थर आणि त्याखाली शिशाच्या रेघा दिसतील. हा थर वाढला की पॅटर्न हळूहळू बिघडतो. पितळी ब्रश आणि सॉल्व्हंटने तो काढा, आटे पुसा, मोलिब्डेनम किंवा तांब्याच्या ग्रीसचा पातळ हात द्या. अडकलेल्या चोकला भेदक तेल सोडून बंदूक रात्रभर तोंड वर करून ठेवा. गॅसच्या टॉर्चने तापवू नका, वरच्या पट्टीचं डाक सुटतं. शिसं हाताळल्यावर साबणाने हात धुऊन मगच चहाला बसा.

निफाडकडच्या जानेवारीतल्या पहाटे आणि मे महिन्याच्या दुपारी त्याच काडतुसाचा पॅटर्न थोडा वेगळा पडतो. थंड हवा जास्त घन असते आणि छर्रे लवकर पसरतात. स्पर्धा ज्या ऋतूत आहे त्याच ऋतूत एकदा कागद मारून घ्यावेत. काडतुसाची पेटी बदलली, बनावट तीच असली तरी, बॅच नंबर वहीत लिहा आणि दोन कागद नव्याने मारा. जुन्या नोंदींपेक्षा दहा टक्क्यांहून जास्त फरक दिसला तर उरलेले तीन कागदही मारा आणि मगच चोकला हात लावा.