इंजिनाचे घराणे

कॅमशाफ्ट सॉफ्टवेअरच्या ‘ऑटोमेशन’ या गाड्या बनवण्याच्या संगणकीय खेळात गाडीचा बाह्याकार घडवण्यात तासन्‌तास रमणारे पुष्कळ आहेत. माझा वेळ मात्र इंजिनाच्या पडद्यावरच सरतो. तिथे आधी इंजिनाची ‘फॅमिली’ ठरवावी लागते, म्हणजे सिलिंडर किती, त्यांची मांडणी कशी, ब्लॉक कोणत्या धातूचा आणि बोअर (सिलिंडरचा व्यास) व स्ट्रोक (पिस्टन वर-खाली सरकतो ते अंतर) जास्तीत जास्त किती, हे एकदा ठरले की त्या घराण्यातल्या कोणत्याही ‘व्हेरिएंट’ला, म्हणजे उपप्रकाराला, ती मापे ओलांडता येत नाहीत.

कंपनी चालवण्याचा डाव १९४६ साली, गॅस्मिया आणि हेट्वेशिया यांसारख्या काल्पनिक देशांत सुरू होतो. मी चार सिलिंडरचे ८१ मिलिमीटर बोअर आणि ९७ मिलिमीटर स्ट्रोकचे इंजिन काढले. ते जवळपास दोन लिटरचे होते, बोअर कमी असल्यामुळे ब्लॉक आखूड झाला आणि छोट्या गाडीत सहज बसला. संथ, कष्टाळू इंजिन होते ते, आणि वर्षानुवर्षे खपलेही.

घोटाळा झाला तो त्याच घराण्यातून स्पोर्ट्‌स गाडीचे इंजिन काढण्याचा मोह झाला तेव्हा. मिनिटाला ७००० फेऱ्यांवर ९७ मिलिमीटर स्ट्रोकच्या पिस्टनचा सरासरी वेग सेकंदाला सुमारे २२.६ मीटर भरतो. तेवढ्याच क्षमतेच्या, बोअर आणि स्ट्रोक दोन्ही ८६ मिलिमीटर असलेल्या इंजिनात तो २० मीटरच राहिला असता. पिस्टनला जोडलेल्या दांड्यावरचा, म्हणजे कनेक्टिंग रॉडवरचा, ताण वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढत असल्याने हा फरक दिसतो त्याहून महागात पडतो. शिवाय बोअर लहान म्हणजे व्हॉल्व्हला जागा कमी, त्यामुळे वरच्या फेऱ्यांत इंजिनाला पुरेशी हवा घेता येत नाही. कॉम्प्रेशन, म्हणजे सिलिंडरमधल्या मिश्रणाची दाबणूक, वाढवून ताकद काढावी, तर हलक्या ऑक्टेनच्या पेट्रोलवर नॉकिंग (इंधन अवेळी पेटून होणारी ठकठक) सुरू होते.

नवी फॅमिली काढायची तर कारखान्यातली यंत्रसामग्री पुन्हा उभारण्याचा खर्च आणि आराखड्याची कित्येक वर्षे मोजावी लागणार होती. अखेर मी त्याच ब्लॉकमध्ये स्ट्रोक ८१ मिलिमीटरवर आणला. क्षमता १६७० घन सेंटिमीटरवर घसरली खरी, पण पिस्टनचा वेग १९ मीटरच्या खाली आला आणि इंजिन आनंदाने फिरू लागले. मोठ्या इंजिनाच्या स्पर्धकांपुढे गाडी सरळ रस्त्यावर मागेच पडते; मी ती तशीच विकायला काढली आहे.