स्लो कुकरमधलं हॅम: शिजवायचं नाही, तापवायचं

अमेरिकेत ईस्टर किंवा ख्रिसमसच्या आधी दुकानात सात-आठ पौंडांचं जे गुलाबी हॅम मिळतं, ते बहुधा शिजवलेलंच असतं. डुकराचा मागचा पाय मिठाच्या पाण्यात मुरवायचा, धुरी द्यायची आणि पूर्ण शिजवायचा, हे सगळं कारखान्यातच उरकलेलं असतं. घरी आपल्याला ते आतपर्यंत गरम करायचं असतं आणि कोरडं पडू द्यायचं नसतं, बस. स्लो कुकरमध्ये, म्हणजे मंद आचेवर तासन्‌तास चालणाऱ्या विजेच्या भांड्यात, हॅम बिघडतं ते बहुतेकदा हे लक्षात न घेतल्यामुळे. मटणासारखं सकाळी लावून संध्याकाळी उघडलं, की ताटात दोरे येतात.

म्हणून आधी लेबल वाचायचं. ‘फुली कुक्ड’ किंवा ‘रेडी टू ईट’ लिहिलेलं असेल तर पुढची सगळी कृती लागू. ‘कुक बिफोर ईटिंग’ असेल तर ते कच्चं आहे. आतलं तापमान 145 अंश फॅरनहाइट, म्हणजे 63 सेल्सिअस झालंच पाहिजे आणि वर तीन मिनिटं तसंच राहू दिलं पाहिजे. रंगावर जाऊ नका. मुरवणीतल्या नायट्राइटमुळे हॅम कच्चं असो की शिजलेलं, गुलाबीच दिसतं. व्हर्जिनिया, केंटकी, टेनेसीकडचं ‘कंट्री हॅम’ ही वेगळीच चीज. ते कोरड्या मिठात मुरवून महिनोन्‌महिने टांगलेलं असतं आणि आधी पाण्यात भिजवून खारटपणा काढावा लागतो. ते स्लो कुकरमध्ये घालू नका, सगळं मीठ तिथेच घुमत राहतं.

लेबलवर आणखी एक गोष्ट असते, जिच्याकडे सहसा कुणी बघत नाही: पाणी. नुसतं ‘हॅम’ लिहिलेल्या मालात चरबी वगळून किमान 20.5 टक्के प्रथिनं असावी लागतात, ‘विथ नॅचरल ज्यूसेस’मध्ये 18.5, ‘वॉटर अ‍ॅडेड’मध्ये 17. ‘हॅम अँड वॉटर प्रॉडक्ट’ त्याच्याही खाली. स्वस्त म्हणून शेवटचं उचललंत, तर कुकरमध्ये भरपूर पाणी सुटतं आणि मांस स्पंजासारखं लागतं. एक पायरी वरचं घेतलेलं बरं.

आता तुकडा कोणता? खालच्या बाजूचा ‘शँक’ निमुळता असतो, हाड सरळ, कापायला सोपा. वरच्या ‘बट’मध्ये मांस जास्त, पण कमरेचं वेडंवाकडं हाड आडवं येतं. स्लो कुकरसाठी माझं मत हाड असलेल्या, न कापलेल्या शँकला. स्पायरल हॅम, म्हणजे आधीच गोल-गोल पातळ चकत्या पाडलेलं, वाढायला सोयीचं खरं. पण प्रत्येक चकतीच्या फटीतून रस निघून जातो, त्यामुळे त्याला चुकीला जागाच उरत नाही. बिनहाडाचे गोल लाटे अनेकदा मांसाचे तुकडे एकत्र दाबून केलेले असतात. सँडविचला ठीक.

विकत घेण्यापूर्वी कुकरच्या भांड्याची आतली लांबी आणि उंची टेपने मोजून घ्या. सहा-सात क्वार्टच्या (एक क्वार्ट म्हणजे साधारण एक लिटर) लांबट कुकरमध्ये साधारण सात पौंडांपर्यंतचं हॅम बसतं, गोल कुकरमध्ये त्याहून कमी. झाकण टेकलंच नाही तर दोन मार्ग आहेत. बाजूचा एक जाड तुकडा सुरीने कापून शेजारी खुपसायचा, किंवा जाड अ‍ॅल्युमिनियम फॉइलचे दोन थर तंबूसारखे वर ताणून कडेने घट्ट दाबायचे. फॉइलने काम होतं, पण वाफ थोडी निसटते आणि वेळ वाढतो. झाकण तिरकं ठेवून ‘होईल की’ म्हणणं मात्र नको. फटीतून ऊब जाते आणि मधला भाग कोमटच राहतो.

गोठलेलं हॅम थेट कुकरमध्ये टाकू नये. 4 ते 60 सेल्सिअस हा जंतू वाढायचा पट्टा, आणि एवढा मोठा गोळा मंद आचेवर त्या पट्ट्यात तासन्‌तास अडकतो. फ्रीजमध्ये मोठ्या हॅमला पौंडामागे चार ते सात तास धरा. म्हणजे रविवारच्या जेवणासाठी शुक्रवारी सकाळी खाली काढलं पाहिजे.

लावताना वेष्टन, जाळी काढा आणि हाडाच्या टोकावर प्लॅस्टिकची लहान चकती चिकटलेली आहे का ते बघा. ती तशीच राहून गरम होते. कापलेली सपाट बाजू खाली, चरबीची बाजू वर. तळाला अर्धा कप, म्हणजे साधारण 120 मिली पाणी किंवा सफरचंदाचा रस, त्याहून जास्त नाही. हॅम स्वतःच कपभर तरी पाणी सोडतं. जास्त ओतलं तर खालचा अर्धा भाग उकडल्यासारखा फिका पडतो. वरून पाऊण कप ब्राउन शुगर चोळा. गूळ किसून घातला तरी उत्तम, काळसर गुळाची किंचित खारट-कडसर चव हॅमला शोभते. सहा-आठ लवंगा चरबीत टोचा. मीठ अजिबात नाही, आणि डबाबंद स्टॉकही नाही, त्यातही मीठच असतं.

अननस घालायचा तर डब्यातला. ताज्या अननसात ब्रोमेलेन असतं, आणि ते प्रथिनं तोडतं. मटणाला कच्ची पपई लावल्यावर जे होतं तेच. कुकर हळूहळू तापतो, तेवढ्या वेळात ताज्या अननसाखालचा थर पिठूळ होतो. डब्यातला अननस आधीच उकळलेला असल्याने त्यातलं ब्रोमेलेन निकामी झालेलं असतं.

पहिला तास ‘हाय’वर, मग ‘लो’वर. सात पौंडांच्या हाडवाल्या हॅमला एकूण चार ते पाच तास पुरतात, चार पौंडांच्या बिनहाडी लाट्याला तीन-साडेतीन. पण वेळ हा अंदाज. प्रत्येक कुकरची आच निराळी. तिसऱ्या तासापासून थर्मामीटर हाताशी असू द्या. टोक सर्वांत जाड भागात, हाडाला न टेकता. हाडाला टेकलं की आकडा खोटा येतो. 140 फॅरनहाइट, म्हणजे 60 सेल्सिअस दिसलं की बंद करा. दुकानाने मूळ वेष्टनातून काढून पुन्हा बांधलेलं किंवा घरचं उरलेलं हॅम असेल तर मात्र 165, म्हणजे 74 पर्यंत न्यायचं. अधूनमधून झाकण उघडून बघायची सवय सोडा. दर वेळी गेलेली ऊब भरून यायला वीस-तीस मिनिटं लागतात.

‘लो’ आणि ‘हाय’ यांबद्दल एक गैरसमज आहे. दोन्हींचं शेवटचं तापमान जवळपास सारखंच, उकळीच्या जरा खाली. फरक फक्त तिथवर पोचायच्या वेळेचा. म्हणजे ‘लो’वर आहे म्हणून हॅम कोरडं पडणार नाही असं नाही. तेही पुढे तापतच जातं, आणि 150 फॅरनहाइटच्या पुढे गेलेलं स्पायरल हॅम सावरता येत नाही. फार तर बारीक तोडून भांड्यातल्या रसात भिजवायचं आणि पावात भरायचं.

स्लो कुकर वाफेवर चालतो, त्यामुळे वरचा थर खमंग, तांबूस होत नाही. त्यासाठी शेवटी ओव्हन लागतोच. भांड्यातला रस गाळा, वरची चरबी काढा आणि चाखून बघा. फार खारट असेल तर अर्धा रस आणि अर्धा अननसाचा रस घ्या. आटवल्यावर मीठ आणखी दाटतं. एक कप द्रवात अर्धा कप ब्राउन शुगर, एक मोठा चमचा डिजॉन मोहरी (मोहरीची तयार फ्रेंच पेस्ट), एक मोठा चमचा सफरचंदाचं व्हिनेगर आणि चिमूटभर लवंगपूड घालून आठ-दहा मिनिटं उकळा. मग एक छोटा चमचा कॉर्नफ्लोअर गार पाण्यात कालवून त्यात सोडा. चमच्याच्या पाठीवर बोटाने रेघ ओढली आणि ती तशीच राहिली, की जमलं. हॅम कडा असलेल्या ट्रेवर काढा, हे ग्लेझ ब्रशने सगळीकडे आणि चकत्यांच्या फटींतही लावा आणि ब्रॉयलरखाली, म्हणजे ओव्हनच्या वरच्या कडक आचेखाली, पाच मिनिटं ठेवा. तिथून हलू नका, साखर करपायला अर्धा मिनिट पुरतं. कुकरचं चिनी मातीचं भांडं मात्र ब्रॉयलरखाली ठेवायचं नाही, ते तडकतं.

पाकिटासोबत येणारी ग्लेझची पुडी सुरुवातीलाच ओतण्यात अर्थ नाही. सगळी खाली वाहून जाते.

कापल्यावर चकतीवर हिरवट-मोरपिशी झाक दिसली तर घाबरू नका, कापलेल्या धाग्यांवरून प्रकाश तसा परततो. वास आंबूस आणि हाताला चिकट असेल तर मात्र टाकून द्या. उरलेलं दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. तिथे तीन-चार दिवस टिकतं. फ्रीजरमध्ये एक-दोन महिन्यांनी चव उतरते.

हाड टाकू नका. त्याच कुकरमध्ये हाड, एक पौंड हिरव्या वाटाण्याची डाळ, आठ कप पाणी, कांदा, गाजर, सेलरी, दोन तमालपत्रं, आणि ‘लो’वर सात-आठ तास. इथे वेळ चढला तरी बिघडत नाही, उलट डाळ विरघळून दाट होते. मीठ शेवटी चाखून. डाळीऐवजी राजमा घालायचा असेल तर तो पाच तास भिजवून, पाणी टाकून, वेगळ्या भांड्यात अर्धा तास खळखळून उकळल्याशिवाय कुकरमध्ये घालायचा नाही. कच्च्या राजम्यातलं लेक्टिन हे विषारी प्रथिन मंद आचेवर निकामी होत नाही, आणि चार-पाच दाण्यांनीसुद्धा उलट्या सुरू होऊ शकतात.