मणी कौल: वाट पाहायला लावणारा कॅमेरा

मणी कौल यांचा 'उसकी रोटी' हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा अर्ध्या तासातच मी बेचैन झाले होते. बालो रस्त्याच्या कडेला बसचालक नवऱ्यासाठी रोटी घेऊन उभी आहे, बस येत नाही आणि कॅमेराही तिथून हलायला तयार नाही. दुसऱ्यांदा पाहताना उमगले की ती वाट पाहण्याची गोष्ट सांगून दिग्दर्शक थांबलेला नाही, तिच्याबरोबर त्याने मलाही उभे केले आहे.

जोधपूरला १९४४ मध्ये जन्मलेले मणी कौल पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांच्याकडे शिकले. मोहन राकेश यांच्या कथेवरचा हा पहिला चित्रपट त्यांनी पंचविशीच्या सुमारास, फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या अर्थसाहाय्यावर केला. छायाचित्रकार होते के. के. महाजन आणि लेन्स दोनच: २८ मिलिमीटरची, जिच्यात दूरवरचे सारे स्पष्ट दिसते, आणि १३५ची, जिच्यात माणूस जरासा पुढेमागे झाला तरी धूसर होतो. एक लेन्स बालोच्या प्रत्यक्ष जगण्यासाठी आणि दुसरी तिच्या मनातल्या चित्रांसाठी, असा संकेत आधी रुजवून कौल यांनी पुढे तो उलटवला. त्यामुळे समोर दिसते ते घडते आहे की बालोच्या मनात चालले आहे, हे सांगणे कठीण होत जाते.

माझा सर्वांत लाडका चित्रपट मात्र 'दुविधा' (१९७३). विजयदान देथा यांच्या कथेत लग्न होताच नवरा व्यापाराला निघून जातो आणि नववधूवर भाळलेले भूत त्याचे रूप घेऊन घरी येते. भुताचा चित्रपट म्हणावा तर इथे एकही चमत्कार दाखवलेला नाही. पांढऱ्या भिंतीसमोर लाल वस्त्रातली वधू दिसते, चित्र मध्येच गोठते, आणि त्या स्तब्धतेत तिच्या डोळ्यांकडे आपण इतका वेळ पाहत राहतो की तिची कोंडी संवादांवाचून कळते. या चित्रपटासाठी त्यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. तिकीटबारीवरचे यश त्यांच्या वाट्याला कधी आले नाही. तरीही १९९९च्या 'नौकर की कमीज'पर्यंत त्यांनी आपली लय सोडली नाही, याचे मला फार मोल वाटते.

ही लय मला संगीतातली वाटते. कौल स्वतः झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपद ही शास्त्रीय गायकी शिकले होते, आणि आलापात गायक एकेका स्वराला जितका अवधी देतो तितका ते दृश्याला देत. त्यांच्या 'ध्रुपद' या माहितीपटाच्या अखेरीस कॅमेरा मुंबईच्या छपरांवरून संथपणे सरकत जातो. दाटीवाटीची ती वस्ती मी एरवी पाहिली न पाहिली करून पुढे गेले असते. तिथे मात्र प्रत्येक छप्पर आधीच्या छपराला जोडून, एका स्वरावरून दुसऱ्या स्वरावर न तुटता जाणाऱ्या मींडेसारखे येते.